आर्वोच्या नावाची जर्की

ऑक्टोबरचा शेवटचा शनिवार होता. सायमा निस्का स्वयंपाकघरात वेलदोड्याच्या पावाचं पीठ मळत होती, तेवढ्यात मागचं दार वाजलं. त्या गावात पुढच्या दाराने फक्त पाद्री आणि विमेवाले येतात, त्यामुळे कुणीतरी ओळखीचंच असणार हे तिला माहीत होतं. पिठाच्या हातांनीच तिने दार उघडलं. पायरीवर डोमिनिक पेराल्डो आणि क्लिफर्ड ट्रेझोना टोप्या हातात घेऊन उभे होते. क्लिफर्डच्या काखेत जुन्या चादरीत गुंडाळलेलं काहीतरी लांबट होतं.

दोघेही तिच्या नवऱ्याच्या शिकारीच्या कॅम्पातले. आर्वोला जाऊन सहा महिने झाले होते. एप्रिलमध्ये, अंगणातलं बर्फ पुरतं वितळलंही नव्हतं तेव्हा, गॅरेजात गाडीचे टायर बदलता बदलता तो गेला. डोमिनिक त्याच्याबरोबर तांब्याच्या खाणीत उतरलेला, सहासष्ट वर्षांचा, बारीक चणीचा आणि मितभाषी. क्लिफर्ड पस्तिशीचा, आडदांड, मोठ्या आवाजाचा. खाण बंद पडल्यावर आर्वो काउंटीचा बर्फ काढायचा ट्रक चालवायचा, तोच ट्रक आता क्लिफर्डकडे होता. नदीच्या वरच्या अंगाला जंगलात त्यांची एक लाकडी खोपी होती, आठ जणांच्या मालकीची. पंधरा नोव्हेंबरला हरणांच्या शिकारीचा हंगाम सुरू झाला की गावातले पुरुष अशा खोप्यांवर जाऊन दोन आठवडे राहतात. पहिल्या दिवशी तर शाळाही बंद असते. आर्वोच्या कॅम्पात बायकांना मज्जाव होता. हा नियम कुणी केला ते कुणाला सांगता आलं नसतं, पण तो कुणी मोडलाही नव्हता.

सायमाने कॉफी ओतली. क्लिफर्डने चादर सोडवून आतली सीडरच्या लाकडाची फळी टेबलावर ठेवली. तिच्यावर तापल्या सळईने अक्षरं कोरली होती: आर्वोची जर्की. खाली, ज्याच्या मांसाच्या पट्ट्या सुकवून जर्की होते त्या हरणाचं शिंगांसकट डोकं. चौदा तारखेला दुपारी सगळे जमणार होते, आर्वोच्या आठवणीचे दोन शब्द बोलणार होते आणि ही पाटी चुलीच्या वर ठोकणार होते.

सायमाला बरं वाटलं. माणूस गेल्यावर सहा महिन्यांनीही कुणी त्याच्यासाठी फळी तासतंय, म्हणजे चांगलंच म्हणायचं. मग क्लिफर्ड म्हणाला, "मिसेस निस्का, एक मागणं होतं तुमच्याकडे. कॅम्पाच्या वहीत आर्वोने जर्की कशी करायची ते लिहून ठेवलंय. त्याबरहुकूम आम्ही दोनदा केली. पहिली खेप बुटाच्या तळव्यासारखी झाली, दुसरी माझ्या कुत्र्याने तोंडात धरून बाहेर टाकली. काहीतरी लिहायचं राहिलंय त्याचं. घरात त्याची एखादी वही असेल, चिटोरं असेल, तर तेवढं द्या."

सायमाला काही कळेना. "कसली वही?"

"जर्कीची हो. आम्हाला सगळं ठाऊक आहे," क्लिफर्ड हसून म्हणाला. "नोव्हेंबर लागला की तुम्हाला स्वयंपाकघरातून बाहेर काढायचा, दार लावून घ्यायचा आणि दिवसभर एकटा ओव्हनपाशी बसायचा. म्हणायचा, सायमाच्या हातात मांस गेलं की त्याचा कोळसाच बाहेर येतो."

डोमिनिक कपात बघत होता.

सायमाने त्या क्षणी काहीच म्हटलं नाही. पुढे कितीतरी दिवस तिला याचाच राग येत राहिला. बघते, एवढंच ती म्हणाली, आणि त्यांना दारापर्यंत सोडून परत येऊन तिने पीठ पुढे मळायला घेतलं. तासाभराने पाव ओव्हनमधून काढला तेव्हा तो विटेसारखा घट्ट झाला होता. तो तिने मागच्या अंगणात पाखरांना फेकला.

सांगायची गोष्ट ही, की त्या घरात आर्वोने एकतीस वर्षांत कधी अंडंही उकडलं नव्हतं. आणि सायमा सव्वीस वर्षं गावच्या शाळेत स्वयंपाकीण होती. रोज तीनशे पोरांचं जेवण तिच्या हातून जात असे, आणि त्या तीनशेत एके काळी क्लिफर्ड ट्रेझोनाही होता.

जर्की तिला तिच्या आईने शिकवली. शिकवली म्हणजे हौसेने नव्हे. सायमा अकरा वर्षांची असताना तिच्या वडिलांचा पाय लाकूडतोडीत झाडाखाली सापडला आणि गुडघ्यापासून गेला. त्या हिवाळ्यात घरात बटाटे होते, मीठ होतं, आणि मार्च लागेपर्यंत बटाटेही कोंब फुटून मऊ पडले. एका पहाटे वडिलांनी तिला अंथरुणावरूनच रायफल कशी धरायची ते दाखवलं. हंगाम नव्हता. वनखात्याच्या शिपायाला कळलं असतं तर वडिलांना तुरुंगात घातलं असतं. सायमाने कुंपणापाशी आलेली एक रोडकी हरिणी मारली, आईने आणि तिने ती दोरीने ओढून धान्याच्या कोठीत नेली, आणि दुसऱ्या दिवसाच्या संध्याकाळपर्यंत त्या हरिणीचा घरात मागमूस उरला नाही. खिडक्यांचे पडदे ओढून आईने सगळं मांस पातळ चिरलं, उरलेल्या काळ्या कॉफीत आणि मिठात बुडवलं आणि चुलीच्या ओव्हनमध्ये जाळ्यांना टांगलं. दाराला लाकडाची ढलपी लावून फट ठेवली, म्हणजे वाफ निघून जाते. सुकलेलं मांस पिठाच्या दोन डब्यांत मावलं. शिपाई खरंच आला, घरभर फिरला, डबे त्याने उघडले नाहीत. तिची दोन धाकटी भावंडं त्या डब्यांवर मे महिन्यापर्यंत तगली.

आर्वोशी लग्न झाल्यावर हे सगळं तिने त्याला सांगितलं होतं. सत्तावन्न साली तो पहिल्यांदा त्या कॅम्पात गेला तेव्हा तिने एक पिशवी भरून जर्की त्याच्याबरोबर दिली. परत आल्यावर तो म्हणाला, पोरांनी अक्षरशः हिसकावून खाल्ली. तिने विचारलं, सांगितलंस ना कुणी केली ते? तो म्हणाला, मग, सांगणारच. तिने विश्वास ठेवला. पुढे चर्चमध्ये, दुकानात कुणी कुणी 'आर्वोची जर्की' म्हणायचे, ते तिच्या कानावर येत नव्हतं असं नाही. पण माणसं आर्वोचं घर म्हणायची, आर्वोची गाडी म्हणायची, तशीच आर्वोची जर्की म्हणत असतील, असं तिने धरलं होतं. एकतीस वर्षं दर नोव्हेंबरात ती ओव्हनपुढे उभी राहिली, आणि तो बाजूच्या खोलीत रेडिओ ऐकत बसला.

त्या संध्याकाळी तिने मिलवॉकीला मुलीला फोन लावला. रूथने सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "आई, बाबांची जर्की म्हणजे..." आणि तिथेच थांबली.

"तूसुद्धा?" सायमा म्हणाली.

"अगं, मी लहानपणापासून तुलाच करताना बघितलंय. पण सगळेच तसं म्हणायचे, म्हणून तोंडात बसलंय." मग रूथने समजूत घालायला सुरुवात केली. बाबा आता नाहीत, त्यांनी काही वाईट हेतूने केलं नसेल, मित्रांत माणूस फुशारक्या मारतोच, सोडून दे. सायमाने फोन ठेवून दिला. सोडून दे म्हणणारी माणसं तिला आयुष्यभर भेटत आली होती, आणि त्यांतलं एकही स्वतःचं काही सोडणारं नव्हतं.

पुढचे तीन दिवस ती घरात पाय आपटत फिरली. आर्वोच्या आठवणीने रडू यायचं, ते आता येईना. त्याचा हसरा फोटो फडताळावर होता, तो बघितला की तळपायाची आग मस्तकात जायची. तो मारकुटा नव्हता, दारुडा नव्हता, पगार घरात आणून द्यायचा. सगळ्या गावाचा लाडका होता, कुठेही गेला की चार माणसं भोवती जमायची. त्या चार माणसांत आपण मोठं दिसावं म्हणून त्याने काय घेतलं, तर तिच्या आईचा तो पडदे ओढलेला दिवस. आणि नुसतं घेतलं असतं तरी एक वेळ तिने गिळलं असतं. पण लपवायचं म्हणून तिलाच त्याने अडाणी ठरवलं. कोळसा करते म्हणे. कॅम्पातले पुरुष एकतीस वर्षं त्यावर हसले होते.

मंगळवारी डोमिनिक एकटाच आला. पायरीवर उभा राहून म्हणाला, मला बोलायचंय. तिने त्याला आत घेतलं नाही.

"मला माहीत होतं, सायमा," तो म्हणाला. "एकाहत्तर साली मी आर्वोला न्यायला लवकर आलो होतो. या खिडकीतून दिसलं. तू जाळीला पट्ट्या टांगत होतीस. आर्वोने माझ्याकडे बघितलं, मी काय ते समजलो."

"आणि मग?"

"मग काही नाही. मित्र होता तो माझा."

"सतरा वर्षं तू माझ्या हातचं खाल्लंस, आणि ते मला कोळशावरून हसत होते तेव्हा गप्प बसलास."

"मी हसलो नाही कधी."

"वा. पदक देऊ तुला?" सायमा म्हणाली. तो मान खाली घालून उभा राहिला. खरं म्हणजे त्याने मान खाली घातली म्हणून तिचा राग आणखीच भडकला. भांडायला तरी माणूस समोर उभा पाहिजे. आता जाऊन सगळ्यांना सांग, असं तिने म्हटलं. तो चाचरला. आर्वो गेला, आता कशाला, पोरांनी एवढी पाटी केलीये, असं काहीबाही पुटपुटला. तेव्हा ती म्हणाली, "ठीक आहे. सांगू नकोस. चौदा तारखेला मला तुझ्या गाडीतून कॅम्पावर घेऊन चल. सांगायचं काम मी करते."

"तिथं बायकांना—"

"किती वाजता येतोस ते सांग."

तळघरातल्या फ्रीजरमध्ये आर्वोने गेल्या वर्षी मारलेल्या हरणाची एक मागची तंगडी शिल्लक होती. ती तिने वर आणली. पुरती वितळू दिली नाही. मांस आतून थोडं गोठलेलं असलं की सुरी सरळ चालते. एरवी हे काम ती गाणं गुणगुणत करायची. या वेळी दात आवळून केलं. आधी चरबी सगळी काढली, कारण हरणाची चरबी खवट होते आणि अख्खी खेप नासवते. मग वरचा तो चंदेरी पापुद्रा, सुरीचं टोक खाली घालून लांब ओढत सोलला. मग रेषांच्या दिशेने पट्ट्या, करंगळीच्या निम्म्या जाडीच्या, एकसारख्या. काळी कॉफी, मीठ, सोया सॉस, थोडी ब्राऊन शुगर, ठेचलेला लसूण आणि भरड कुटलेली मिरी. सोया सॉस आणि साखर नंतरच्या बऱ्या दिवसांत आली, कॉफी मात्र आईची. रात्रभर मुरवून सकाळी एकेक पट्टी तिने पुसून कोरडी केली, टोकाला दात कोरायची काडी खुपसली आणि ओव्हनच्या जाळीला कपडे वाळत घालावे तशा रांगेने टांगल्या. खाली पत्रा, थेंब पडायला. आच जितकी कमी ठेवता येईल तितकी कमी, आणि दारात लाकडी उलथन्याचा दांडा अडकवलेला. असे सहा तास.

ते सहा तास ती खुर्ची ओढून ओव्हनसमोर बसून राहिली आणि आर्वोशी मोठ्याने भांडली. घरात कुणी नव्हतं, तेव्हा संकोचायचं कारण नव्हतं. पाच तासांनी एक पट्टी काढून, निवू देऊन तिने वाकवली. मऊ लवली. आणखी तासाने दुसरी वाकवली, तेव्हा वरून चिरा गेल्या पण तुकडा पडला नाही. झालं होतं काम. कॉफीच्या मोठ्या पत्र्याच्या डब्यात तिने ती भरली.

चौदा तारखेला आभाळ गच्च होतं, पण रस्ता मोकळा होता. खोपीत सातही जण असणार होते. डोमिनिक तिच्याबरोबर, म्हणजे आत सहा. दार उघडून ती आत शिरली. खोपीला ओल्या लोकरीचा, रॉकेलचा आणि उंदरांचा वास येत होता. चुलीच्या वर पाटी आधीच ठोकलेली होती. एकतीस वर्षं जिथे जायला तिला बंदी होती ती जागा ही, हे बघून तिला नवलच वाटलं.

कुणीतरी तिला खुर्ची दिली. विधवा आहे, भावना अनावर झाल्या असतील, असं त्यांना वाटलं असणार. सगळे हळू आवाजात बोलू लागले. सायमा बसली नाही. तिने डबा उघडून टेबलावर ठेवला आणि घ्या म्हणाली. त्यांनी घेतली. सगळे चावू लागले आणि एकेकाचा चेहरा बदलत गेला. क्लिफर्डच्या तर डोळ्यांत पाणी आलं.

"हीच," तो म्हणाला. "अगदी हीच. त्याची शेवटची खेप ना ही?"

"आर्वो एप्रिलमध्ये गेला," सायमा म्हणाली. "ही गुरुवारची आहे."

क्लिफर्ड चावायचा थांबला. मग त्याचा चेहरा उजळला. "म्हणजे त्याने तुम्हाला शिकवून ठेवली होती! मी म्हणतच होतो, एवढी विद्या तो बरोबर घेऊन जाणार नाही."

यावर सायमाला जे झालं ते तिने नंतर कधी कुणाला नीट सांगितलं नाही. एवढंच म्हणायची, की कानांत समुद्रासारखा आवाज येत होता. तिने वही मागितली. चुलीपाशी खिळ्याला दोरीने टांगलेली कॅम्पाची वही कुणीतरी काढून दिली. पान सापडायला वेळ लागला नाही, तेलाच्या बोटांनी ते पारदर्शक झालं होतं. आर्वोचंच गिचमिड अक्षर. ती मोठ्याने वाचू लागली. मांसाचे चौकोनी तुकडे. भरपूर मीठ. ओव्हन साडेतीनशे अंशांवर. दार घट्ट बंद. एक तास.

तिने पुन्हा एकदा वाचलं, या वेळी मनात. कॉफीचं नाव नव्हतं. उलथन्याचं नव्हतं. पट्ट्या नव्हत्या, तुकडे होते. एकतीस वर्षं तो बारा पावलांवर बसला होता, पाणी प्यायला येत होता, जाता येता गरम पट्टी उचलून तोंडात टाकत होता, आणि ती काय करते याच्याकडे त्याने एकदाही नीट बघितलं नव्हतं.

"चोरीसुद्धा धड केली नाही त्याने," ती म्हणाली. "दार बंद करून साडेतीनशेवर ठेवलं तर कोळसाच होणार. कोळसा करायला त्याने शिकवलं. मी नाही. शाळेत तुमच्यातल्या निम्म्यांच्या पोरांना मी जेवू घातलंय. तुझं हे पोट, क्लिफर्ड, त्यातला निदान एक शेर माझा आहे. अकराव्या वर्षी मी हरीण मारलं, हंगाम नसताना, घरात खायला काही नव्हतं म्हणून. माझ्या आईने ते पडदे ओढून सुकवलं. ही जर्की तिची, आणि तिच्यामागे माझी. आर्वोने फक्त पिशवी उचलून आणली. डोमिनिक, आता तरी बोल."

डोमिनिक दारापाशीच उभा होता. त्याने टोपी दोन्ही हातांनी पिळली. "खरं आहे," तो म्हणाला. "मी बघितलंय. मला सतरा वर्षांपासून माहीत आहे."

मग एक वयस्कर माणूस, आर्वोच्या बरोबरीचा, शांतपणे म्हणाला, "सायमा, आज त्याच्या आठवणीचा दिवस आहे. मेलेल्या माणसाला असं उघडं पाडू नये."

"ती पाटी खाली काढा."

कुणी उठलं नाही. क्लिफर्ड टेबलाकडे बघत राहिला, पट्टीचा अर्धा तुकडा तसाच हातात. सायमाने डब्याचं झाकण लावलं. "ही आर्वोची नाही," ती म्हणाली, "म्हणून ही इथे राहणार नाही." डबा छातीशी धरून ती बाहेर पडली. त्या दुपारी तिथे बीन्स आणि मांस-बटाटे भरलेल्या खमंग पेस्ट्या तयार होत्या, पण डोमिनिक जेवायला न थांबता तिला परत सोडायला निघाला. वाटेत तो म्हणाला, मी बोललो ना शेवटी. ती म्हणाली, "विचारलं तेव्हा बोललास. त्याच्यात नि याच्यात फरक आहे." घरापाशी उतरताना मात्र तिने डब्यातली मूठभर जर्की त्याच्या सीटवर ठेवली.

दुसऱ्या दिवशी हंगाम सुरू झाला. सकाळी हार्डवेअरच्या दुकानात, परवानेही तिथेच मिळत, जाऊन तिने स्वतःच्या नावाचा शिकारीचा परवाना काढला. काउंटरवरच्या माणसाने विचारलं, कुणासाठी? तिने नाव सांगितलं, हिज्जे सांगितले. वडिलांची रायफल माळ्यावर होती. तिला तेल दिलं, गावाबाहेरच्या खडीच्या खाणीत रिकामे डबे मांडून पाच गोळ्या झाडून बघितल्या. चार लागल्या. आर्वोचा नारिंगी कोट तिला गुडघ्यापर्यंत येत होता. तोच घालून ती घरामागच्या म्हाताऱ्या सफरचंदांच्या झाडांपाशी, पालथ्या बादलीवर जाऊन बसली. पहिले दोन दिवस बर्फाशिवाय काही आलं नाही. तिसऱ्या दिवशी उजाडल्यावर दोन टोकांच्या शिंगांचा एक कोवळा नर पडलेली सफरचंदं खायला आला. पन्नास वर्षांत तिने हरणावर गोळी चालवली नव्हती. पण नेम चुकला नाही. तीस पावलं जाऊन तो पडला.

एकसष्टाव्या वर्षी हरीण साफ करणं सोपं नव्हे. तिने ते केलं. गुडघे बर्फात रुतवून, बाह्या वर सारून, शेजाऱ्याला हाक न मारता. मग रूथच्या लहानपणच्या घसरगाडीवर घालून, दर दहा पावलांवर थांबत, लाकडाच्या खोलीपर्यंत ओढत नेलं. संध्याकाळी तिच्या पाठीतून कळा निघत होत्या आणि गेल्या तीन आठवड्यांत पहिल्यांदाच तिला कडकडून भूक लागली होती. काळीज कांद्याबरोबर परतून तिने एकटीने खाल्लं.

डिसेंबरच्या पहिल्या आठवड्यात मागचं दार पुन्हा वाजलं. क्लिफर्ड होता. खांद्यावर प्लास्टिकच्या पिशवीत हरणाची तंगडी. कानांच्या पाळ्या लाल झाल्या होत्या, आणि ते थंडीनेच असेल असं सांगता आलं नसतं.

"पाटी काढली?" सायमाने विचारलं.

"नाही." त्याने पायरीवर बूट आपटले. "मतं घेतली. पाच विरुद्ध दोन."

"दोन कोण?"

"डोमिनिक आणि मी."

ती दारात तशीच उभी राहिली. आत ये म्हणाली नाही. क्लिफर्डने तंगडी दुसऱ्या खांद्यावर घेतली आणि एकदम बोलायला लागला. म्हणाला, शाळेत तो जेवणाच्या रांगेत दोनदा उभा राहायचा. घरी वडील पिऊन पडलेले असायचे, रात्री काही मिळेलच असं नसायचं. दुसऱ्यांदा ताट पुढे केलं की मिसेस निस्का बघून न बघितल्यासारखं करायच्या आणि मोठा डाव वाढायच्या. हे सगळं तो विसरला होता. त्या दिवशी कॅम्पावर वही हातात घेऊन त्या उभ्या होत्या, तेव्हा आठवलं.

"आठवायला वीस वर्षं लागली तुला," सायमा म्हणाली.

"हो."

"आणि त्यातली दहा वर्षं माझ्यावर हसलास."

"हो, मिसेस निस्का."

तिने दार पूर्ण उघडलं. "बूट तिथे काढ. हात कोपरापर्यंत धू."

तिने त्याला माफ केलं असं समजू नये. त्या दुपारी तिने त्याला एकदाही बसू दिलं नाही. पापुद्रा सोलताना त्याने मांस वाया घालवलं म्हणून ती बोलली, पट्ट्या जाड चिरल्या म्हणून बोलली, मिरी हाताने न कुटता डब्यातली घेऊ का असं त्याने विचारलं तेव्हा तर बरंच बोलली. तो घामाघूम झाला. तिचं म्हणणं वहीत लिहून घेऊ का, असं त्याने विचारलं, तर ती म्हणाली, लिहून काय होतं ते बघितलंय आपण. कॉफी मापून नाही, रंग बघून ओतायची हे तिने त्याला तीन वेळा ओतायला लावून दाखवलं. दुसऱ्या दिवशी तो पुन्हा आला आणि सहा तास ओव्हनसमोर बसला. झालेल्या पट्टीला चिरा पडलेल्या बघून तो लहान पोरासारखा हसला, पण त्या हसण्यात ती सामील झाली नाही. डबा भरून देताना एवढंच म्हणाली, "कुणी विचारलं, कुणाची, तर काय सांगशील?"

"तुमच्या आईची," तो म्हणाला. तिचं नाव काय होतं, हेही त्याने विचारलं. आजवर ते कुणी विचारलं नव्हतं. हिल्या, असं तिने सांगितलं.

कॅम्पावरची पाटी अजून तिथेच आहे. पुढच्या वर्षी सायमाला तिकडे बोलावणं आलं, खास तिच्यासाठी नियम बाजूला ठेवतो म्हणून. तुमच्या खोपीला उंदरांचा वास येतो, असा तिने निरोप पाठवला. हंगामात ती सफरचंदांपाशी आपल्या बादलीवर बसते. तिच्याकडची जर्की गावात बऱ्याच घरी जाते, त्या पाच घरी मात्र जात नाही.

मे महिन्याच्या अखेरीस सगळं गाव आपापल्या माणसांच्या थडग्यांवर फुलं लावायला जातं. सायमाही जाते. जिरेनियमच्या दोन कुंड्या, हातात खुरपं. दगड दोघांचा मिळून एकच आहे. आर्वोच्या नावापुढे दोन्ही सालं, तिच्यापुढे एकच, दुसऱ्यासाठी मोकळी जागा. रूथ एकदा बरोबर होती. आईने फुलं नीट लावली, तण काढलं, दगडावरची पाखरांची घाण ओल्या फडक्याने पुसली, आणि हे सगळं करताना तिचे ओठ आवळलेले होते. रूथने भीतभीत विचारलं, अजून राग आहे का गं बाबांवर?

"आहे," सायमा म्हणाली. "कशाला जाईल? मला इथेच यायचंय, त्याच्या शेजारी. तेव्हा विचारीन त्याला, कॉफी कशी काय दिसली नाही तुला. घाई नाही. पाणी आण थोडं, ही माती फार कोरडी आहे."

रूथ नळाकडे गेली.